गर्ट फ्रोबेबद्दल सारखे विचारले जाणारे प्रश्न (गोल्डफिंगर सोडून बाकीचेही)

जुन्या जर्मन सिनेमांचा विषय निघाला की फ्रोबेबद्दल तेच तेच प्रश्न येतात, म्हणून एकदाचे सगळे एकत्र टाकतोय. क्रमाने वाचायची गरज नाही, हवा तो प्रश्न बघा. एखाद्या उत्तराचा भाग दुसरीकडे असेल तर तिथला नंबर दिलाय.

१. हा गर्ट फ्रोबे कोण? नाव ऐकल्यासारखं वाटत नाही.

चेहरा पाहिलाय तुम्ही, नक्की. १९६४ च्या 'गोल्डफिंगर' या जेम्स बॉन्डपटातला तो जाडजूड, तांबूस केसांचा, सोन्याच्या नादाने वेडा झालेला व्हिलन म्हणजे हा. पण ती त्याची जगभरातली ओळख, घरची नाही. माणूस जर्मन, सॅक्सनीमधल्या झ्विकाऊजवळच्या प्लानिट्झचा, जन्म २५ फेब्रुवारी १९१३, पूर्ण नाव कार्ल गेरहार्ट फ्रोबे. युद्धानंतर जर्मनीत सिनेमा पुन्हा उभा राहिला तेव्हापासून ते १९८८ मध्ये गेला तोपर्यंत, म्हणजे चाळीस वर्षं, हा सतत पडद्यावर होता आणि सिनेमे शंभराच्या आसपास. त्यातले आपल्याकडे माहीत असलेले तीन किंवा चार. उरलेल्यांतच खरी मजा आहे, हे माझं ठाम मत आहे आणि खाली सगळीकडे तेच दिसेल, आधीच सांगून ठेवतो.

२. त्याला चरित्र अभिनेता का म्हणतात? गोल्डफिंगर तर मुख्य व्हिलन आहे की.

आहे ना. पण त्याच्या करिअरचा हिशेब लावला तर बहुतेक सिनेमांत पोस्टरवरचा हिरो दुसराच कुणीतरी आणि फ्रोबे तिसऱ्या-चौथ्या नावावर. इन्स्पेक्टर, कारखानदार, गावगुंड, जनरल, भिकाऱ्यांचा मुकादम, दरोडेखोर, पाद्री असं सगळं केलंय. गंमत म्हणजे पहिल्याच मोठ्या सिनेमात तो हिरो होता (प्रश्न ४) आणि मग बरीच वर्षं बारीकसारीक कामं करत राहिला. नेहमी उलटं होतं, आधी छोटी कामं आणि मग मोठी.

३. अभिनयात आला कसा? नाटकवाला होता का?

आधी व्हायोलिन. लहानपणापासून वाजवायचा, चांगलं वाजवायचा, आणि केस लालभडक म्हणून 'झ्विकाऊचा लाल व्हायोलिनवाला' असं नावच पडलं होतं. मग ड्रेस्डेनच्या सरकारी थिएटरात नेपथ्याचे पडदे रंगवायचं काम शिकायला लागला, आणि तिथे एरिख पोंटो हा मोठा नट त्याला गुरू म्हणून भेटला. (पोंटोचं नाव लक्षात ठेवा, प्रश्न ९ मध्ये परत येईल, आणि ते कनेक्शन भारी आहे.) पुढे वुपर्टाल, फ्रँकफर्ट, आणि मग व्हिएन्नाचं फोल्क्सथिएटर. १९४४ च्या सप्टेंबरात नाझी सरकारने सगळी थिएटरं बंद केली तेव्हा नटांना सैन्यात ओढलं त्यात हाही गेला. युद्ध संपल्यावर म्युनिकमध्ये कॅबरे, म्हणजे तिकडचे गाणी आणि टोमण्यांचे विनोदी कार्यक्रम. म्हणजे सिनेमात आला तेव्हा पस्तिशीचा होता, पोरगा नव्हता.

४. 'बर्लिनर बलाडं'मध्ये जो काडीसारखा बारीक माणूस आहे तो खरंच फ्रोबेच आहे का? काहीतरी घोळ वाटतो.

घोळ नाही, तोच आहे. हा प्रश्न सगळ्यात जास्त वेळा येतो आणि बरोबर आहे, कारण विश्वासच बसत नाही. १९४८ चा सिनेमा, दिग्दर्शक रॉबर्ट श्टेमले. युद्धकैदेतून सुटून ओटो नावाचा साधा शिपाई पडझड झालेल्या बर्लिनमध्ये परत येतो आणि रेशन, काळाबाजार, फॉर्म, शिक्के, परवानगीपत्रं यात पार पिचून जातो. आणि हे सगळं सांगितलंय २०४८ मधून, म्हणजे शंभर वर्षांनंतरचा निवेदक मागे वळून बघतोय की बाबा तेव्हा काय हाल होते. कॅबरेतून आलेली स्टोरी आहे त्यामुळे गाणी, टोमणे, मध्येच कॉमेडी असं चालतं. फ्रोबे त्यात हँगरवर कोट टांगल्यासारखा दिसतो, गालफडं बसलेली, डोळे मोठे, आणि चेहऱ्यावर तक्रार म्हणून नाही, नुसतं बघत राहतो. त्या पात्राचं नाव ओटो नॉर्मालफेरब्राऊखर, म्हणजे जादा रेशन न मिळणारा सामान्य माणूस, आणि हे नाव जर्मन बोलण्यात असं रुजलं की आजही बातम्यांत सर्वसामान्य ग्राहकाला तेच म्हणतात. नटाचा चेहरा विसरले, नाव राहिलं.

५. मग पुढे काय झालं? १९४८ ते १९५८ मध्ये काहीच दिसत नाही.

दिसतं, पण शोधावं लागतं. पन्नासच्या दशकात पश्चिम जर्मनीत लोकांना डोंगर, कुरणं, हरणं, गावाकडची प्रेमकथा असले सिनेमे हवे होते, पडलेलं बर्लिन कुणाला बघायचं नव्हतं. बारीक ओटोला तिथे जागा नव्हती. त्याने मिळेल ते केलं आणि दरम्यान अंगाने भरत गेला. १९५५ मध्ये ऑर्सन वेल्सच्या 'मिस्टर अर्काडिन'मध्ये एक छोटा रोल आहे, त्याच वर्षी इव्ह सिआम्पीचा एक फ्रेंच सिनेमा आहे ज्यात इव्ह माँतां आणि कुर्ट युर्गेन्स आहेत. दशक संपत आलं तोवर तो वजनदार, जाड मानेचा, तळहात मोठे असा माणूस झाला होता आणि अचानक सगळ्यांना तो हवा झाला. १९५८ या एकाच वर्षात 'एस गेशाह आम हेलिख्टन टाग' (प्रश्न ६) आणि 'डास मेडशन रोझमारी' दोन्ही आले. दुसरा सिनेमा फ्रँकफर्टमधल्या रोझमारी निट्रिबिट या कॉलगर्लच्या १९५७ मधल्या खऱ्या खुनावर बेतलेला, आणि फ्रोबे त्यात तिच्याकडे येणाऱ्या बड्या कारखानदारांपैकी एक. युद्धानंतर पैसा आला तसं पोटही आलं अशा वर्गाचा चेहरा म्हणून तो फिट बसला. दहा वर्षांपूर्वी उपाशी ओटो तोच आणि आता ढेरपोट्या डायरेक्टरही तोच. त्या देशाची दहा वर्षं एका माणसाच्या अंगावर दिसतात, हे मला लई आवडतं.

६. एकच सिनेमा बघायचा असेल तर कुठला?

'एस गेशाह आम हेलिख्टन टाग', १९५८. अर्थ साधारण 'भरदिवसा घडलं'. दिग्दर्शक लादिस्लाओ वाय्दा, कथा-पटकथेत स्विस लेखक फ्रीडरिश ड्युरेनमाट, हिरो हाइन्झ र्युमान. झ्युरिकचा पोलीस अधिकारी मातेई, जंगलात एका लहान मुलीचा खून, एका फेरीवाल्यावर आळ आणि तो जीव देतो, पण मातेईला पटत नाही. मुलीने काढलेल्या एका चित्रावरून तो माग काढतो: चित्रात एक राक्षसासारखा उंच माणूस, गाडी, शिंगांचा प्राणी आणि काही छोटे काटेरी गोळे.

फ्रोबे खुनी आहे. हे स्पॉयलर नाही, सिनेमा स्वतःच शेवटाच्या बराच आधी दाखवतो, कोण हा प्रश्नच नाहीये. पण तो येतो उशिरा आणि फार वेळ नसतोही. घरात आपल्यापेक्षा मोठ्या वयाच्या, सतत बोल लावणाऱ्या बायकोसमोर हा एवढा धिप्पाड माणूस खांदे पाडून उभा असतो, आवाज अगदी मऊ, लाळघोटा म्हणावा इतका. मग जंगलातला सीन. हातात घालायची बाहुली घेऊन झाडांमध्ये एका चिमुरडीशी खेळतोय, खिशातून चॉकलेटचे गोळे काढून देतोय (चित्रातले काटेरी गोळे म्हणजे हेच), आणि चेहऱ्यावर खरा आनंद आहे हो, नाटक नाही. म्हणून भीती वाटते. दात दाखवून हसला असता, डोळे वटारले असते तर आपण सुटलो असतो. बॉन्डच्या निर्मात्यांनी ह्याच कामावरून त्याला गोल्डफिंगरसाठी घेतलं, आणि सिनेमा बघितल्यावर कळतं का ते.

७. ड्युरेनमाटच्या कादंबरीत शेवट वेगळा आहे म्हणतात, मग फ्रोबेचा रोल पण वेगळा?

कादंबरीत रोल जवळजवळ उरतच नाही. ड्युरेनमाटला सिनेमाचा शेवट पटला नव्हता, त्याने त्याच वर्षी तीच गोष्ट 'डास फेरश्प्रेशन' म्हणून परत लिहिली, आणि त्यात खुनी ठरलेल्या ठिकाणी येतच नाही, वाटेतच गाडीच्या अपघातात मरतो, आणि मातेई सापळा लावून बसलेल्या पेट्रोल पंपावर त्याची वाट बघत खुळा होतो. म्हणजे पुस्तकातला खुनी एक रिकामी जागा आहे. सिनेमात त्या जागी फ्रोबे आहे. साहित्य म्हणून पुस्तक वरचढ, मान्य. पण तो जंगलातला सीन पुस्तकात कुठून आणणार?

८. मला वाटायचं तो फक्त वाईट माणसंच करायचा. पोलीसही केलेत?

हो, आणि चांगले. १९६० मध्ये फ्रिट्झ लांगने आपला शेवटचा सिनेमा केला, 'डी टाउझंट आउगन डेस डॉक्टर माबुझे', निर्माता आर्टुर ब्राउनर, त्यात फ्रोबे कमिसार म्हणजे पोलीस अधिकारी आहे (माबुझे हा पडद्याआडून सूत्रं हलवणारा गुन्हेगार). हॉटेलात सगळीकडे लपवलेले कॅमेरे, कुणीतरी सगळ्यांवर नजर ठेवून आहे, आणि हा जाडा पोलीस शांतपणे मागे लागलाय. सिनेमा चालला म्हणून पुढे मालिकाच निघाली. इथे एक गोची आहे ज्यावरून लोक भांडतात: लांगच्या सिनेमात त्याच्या पात्राचं नाव क्रास, पण १९६१ आणि १९६२ च्या पुढच्या दोन सिनेमांत लोमान. तोच नट, तसाच कोट, तरी कागदोपत्री दोन वेगळे पोलीस. लोमान हे नाव लांगच्याच १९३० च्या दशकातल्या सिनेमांतून उचललंय, तिथे ते काम ओटो वेर्निकेने केलं होतं. त्याच काळात, १९६१ मध्ये, एडगर वॉलेस या इंग्रज रहस्यकथाकाराच्या कथांवरच्या सिनेमांपैकी 'डेर ग्र्यूनं बोगनश्युट्झं'मध्ये तो परत बदमाश आहे. म्हणजे एकाच वर्षी थिएटरात पोलीसही हा आणि चोरही हा.

९. त्याचा आणि पु. लं.च्या 'तीन पैशाचा तमाशा'चा काही संबंध आहे असं कुणीतरी म्हणालं. खरं का?

थेट नाही, पण आजोळ एकच. पु. लं.नी 'तीन पैशाचा तमाशा' ब्रेख्टच्या 'ड्रायग्रोशनओपर'वरून केला, थिएटर अकॅडमीने १९७८ मध्ये आणला, जब्बार पटेल दिग्दर्शक. ब्रेख्टच्या नाटकात पीचम म्हणून एक पात्र आहे, शहरातल्या भिकाऱ्यांचा धंदा चालवणारा: कुणाला लंगडा करायचं, कुणाला कुठले फाटके कपडे द्यायचे, कुणाचा एरिया कुठला, कमिशन किती. १९६३ मध्ये वोल्फगांग श्टाउटंने यावर सिनेमा केला, कुर्ट युर्गेन्स मॅकी, हिल्डेगार्ड क्नेफ जेनी, आणि पीचम आपला फ्रोबे.

आता पोंटो आठवा. १९२८ मध्ये बर्लिनच्या शिफबाउअरडामच्या थिएटरात हे नाटक पहिल्यांदा झालं तेव्हा पीचम कोणी केला? एरिख पोंटोने. गुरूचा रोल ३५ वर्षांनी चेल्याने केला. सिनेमा म्हणून तो फारसा जमलेला नाही, जरा जास्तच चकचकीत आहे, पण फ्रोबेला भिकाऱ्यांचा हिशेब घेताना बघायला तरी लावाच.

१०. गोल्डफिंगरमध्ये त्याचा आवाज नाही हे खरं आहे?

खरं आहे. त्याला तेव्हा इंग्रजी फारसं यायचं नाही. सेटवर त्याने संवाद म्हटले, दिग्दर्शक गाय हॅमिल्टनने त्याला भरभर बोलायला लावलं म्हणजे नंतर ओठ जुळतील, आणि मग मायकल कॉलिन्स या इंग्रज नटाने सगळं डब केलं. डबिंग इतकं बेमालूम आहे की बऱ्याच जणांना अजून पत्ता नाही. म्हणजे जगाला जो फ्रोबे माहीत आहे त्याचं अंग त्याचं आणि आवाज दुसऱ्याचा, आणि चरित्र अभिनेत्याकडून आवाज काढून घेतला तर राहतं निम्मंच. तरीही त्याने ते निम्म्यात करून दाखवलं, गोल्फच्या सीनमध्ये चेंडू हरवल्यावरचं त्याचं ते लहान मुलासारखं फुरंगटणं बघा, त्यात आवाजाची गरजच नाही. जर्मन आवृत्तीचं काय ते प्रश्न १६ मध्ये.

११. तो नाझी होता का? इस्राएलमध्ये बंदी होती म्हणे.

दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत आणि अर्धवट सांगितल्या जातात. १९२९ मध्ये, म्हणजे सोळाव्या वर्षी, तो नाझी पक्षाचा सदस्य झाला आणि १९३७ मध्ये बाहेर पडला. गोल्डफिंगरनंतर, १९६५ मध्ये, एका ब्रिटिश पेपरात त्याची मुलाखत आली तिच्यात हे आलं, आणि इस्राएलने त्याच्या सिनेमांवर बंदी घातली. फ्रोबेचं म्हणणं की माझं बोलणं तोडून छापलं, मी असं सांगत होतो की पक्षात असूनही मला दोन ज्यू माणसांना मदत करता आली. नुसतं त्याच्या सांगण्यावर कुणी विश्वास ठेवला नसता. पण व्हिएन्नातल्या इस्राएली वकिलातीत एक ज्यू माणूस स्वतः गेला आणि म्हणाला की ह्या माणसाने मला आणि माझ्या आईला लपवलं होतं. मग बंदी उठली.

ह्यावरून त्याला संत करू नका आणि राक्षसही करू नका. सदस्य होता, सोडलं, दोन जीव वाचवले, हे तिन्ही एकाच माणसाच्या खात्यात आहे.

१२. मग जर्मन लष्करी अधिकाऱ्यांची कामं करताना त्याला काही वाटायचं नाही?

त्याच्या मनातलं मी कसं सांगणार, पण कामं बघून एक गोष्ट दिसते: एकसारखी केली नाहीत. 'द लाँगेस्ट डे' (१९६२) मध्ये तो कॉफीचे डबे घेऊन घोड्यावरून किनाऱ्यावर जाणारा पोटसुटलेला सार्जंट आहे, रोजचा राऊंड, आणि समोर समुद्रात अख्खं आरमार उभं. दोन मिनिटांचं काम, थिएटरात हशा. (ह्याच सिनेमात शॉन कॉनरी, म्हणजे गोल्डफिंगरमधला बॉन्ड, हाही छोट्या कामात आहे.) 'दोज मॅग्निफिसंट मेन' (१९६५) मधला कर्नल म्हणजे शिस्तीचं पुस्तक वाचत विमान चालवणारा जोकर. आणि 'इज पॅरिस बर्निंग?' (१९६६) मध्ये रने क्लेमाँने त्याला जनरल फॉन कोल्टिट्झ दिला, पॅरिसचा शेवटचा जर्मन कमांडंट, ज्याला हिटलरचा हुकूम आहे की शहर उडवा. तिथे कॉमेडी शून्य. घामेजलेला, थकलेला, खुर्चीत रुतलेला माणूस, समोर स्वीडनचा कॉन्सल म्हणून ऑर्सन वेल्स. गंमत बघा, गोल्डफिंगरसाठी आधी वेल्सचंच नाव होतं, त्याने पैसे जास्त मागितले.

१३. म्हणजे जर्मनीचे निळू फुले म्हणायचं का?

एका बाबतीत हो. निळूभाऊंना पडद्यावर बघून बायाबापड्या शिव्या घालायच्या आणि प्रत्यक्षात माणूस सेवादलातला, साधा. फ्रोबेचंही तसंच, खुनी आणि बदमाश म्हणून गाजला आणि स्टेजवर ख्रिस्टियान मॉर्गनश्टेर्नच्या गमतीशीर कविता म्हणून लोकांना हसवत फिरायचा. पण निळूभाऊंचा बेरकीपणा आवाजात आणि नजरेत होता, फ्रोबेचा शरीरात. त्यापुढे तुलना ताणू नका.

१४. पोरांना दाखवण्यासारखं काही आहे का?

दोन आहेत. 'चिटी चिटी बँग बँग' (१९६८), त्यात तो लहान मुलांचा तिटकारा असलेल्या देशाचा बालिश सत्ताधीश, एक बॅरन आहे, लाकडी घोड्यावर बसणारा वगैरे. त्याचा वाडा म्हणून बाव्हेरियातला नॉयश्वानश्टाइन किल्ला दिसतो. दुसरा 'डेर रॉयबर होट्झनप्लोट्झ' (१९७४), ओटफ्रीड प्रॉयसलरच्या पुस्तकावरून. दरोडेखोर, पट्ट्यात सात सुऱ्या, मिरपुडीचं पिस्तूल, आणि चोरतो काय तर आजीची कॉफी दळायची चक्की. त्या पिढीच्या जर्मन लोकांना फ्रोबे म्हटलं की हाच आठवतो, बॉन्ड नंतर. आणि कथा सगळी हातात घालायच्या बाहुल्यांच्या खेळाच्या धर्तीवर आहे. १९५८ मध्ये बाहुली हातात घेऊन ज्याने अख्ख्या देशाला घाबरवलं त्यालाच आता बाहुल्यांच्या दुनियेतली पोरं फसवतात, हा योगायोग मला फार गोड वाटतो. प्रश्न ६ मधला सिनेमा मात्र पोरांना अजिबात दाखवू नका.

१५. फासबिंडर, हेर्झोग या नव्या लाटेतल्या जर्मन दिग्दर्शकांच्या सिनेमात का नाही दिसत? आणि शेवटी काय झालं?

१९६२ च्या ओबरहाउझनच्या जाहीरनाम्यात २६ तरुण सिनेमावाल्यांनी सांगून टाकलं की जुना सिनेमा मेला, आणि फ्रोबे म्हणजे नेमका त्या जुन्या सिनेमाचा चेहरा. त्या लाटेशी त्याचं नाव जोडलं जात नाही. बाहेरच्यांनी मात्र बोलावलं: विस्कोन्तीच्या 'लुडविग'मध्ये (१९७३) पाद्री, बर्गमनच्या 'द सर्पंट्स एग'मध्ये (१९७७) पोलीस इन्स्पेक्टर, तो तर म्युनिकमध्येच शूट झाला. घरच्यांना जुनाट वाटला आणि बर्गमनला चालला, असं आपल्याकडेही होतं. १९७८ मध्ये जर्मन सिनेमाचा फिल्मबांट इन गोल्ड हा पुरस्कार मिळाला. शेवटी शेवटी टीव्हीवर, 'श्वार्त्सवाल्डक्लिनिक' या मालिकेतही येऊन गेला. कॅन्सर झाला होता, आणि ५ सप्टेंबर १९८८ ला म्युनिकमध्ये हार्ट अटॅकने गेला, वय ७५. आठवणींचं पुस्तक त्याच वर्षीचं.

१६. मी जर्मन शिकतेय, बी-वन (मधली पातळी) झालंय. सबटायटलशिवाय झेपेल? आणि गोल्डफिंगर जर्मनमध्ये बघितला तर तो ओरिजिनल धरायचा का?

'बर्लिनर बलाडं' नाही झेपणार, बर्लिनची बोली आणि कॅबरेचे शब्दखेळ आहेत. 'एस गेशाह' झेपेल, गोष्ट स्वित्झर्लंडची असली तरी बोलणं बऱ्यापैकी पुस्तकी जर्मन आहे. होट्झनप्लोट्झ आरामात. मॉर्गनश्टेर्नच्या कवितांचं रेकॉर्डिंग मिळालं तर ऐका, अर्थ नाही कळला तरी चालतं, त्यातल्या बऱ्याच कवितांना अर्थ नाहीच.

गोल्डफिंगरचं त्रांगडं असं आहे की जर्मन आवृत्तीत फ्रोबेने स्वतःच स्वतःला डब केलं. म्हणजे इंग्रजीत कॉनरी खरा आणि फ्रोबे उसना, जर्मनमध्ये फ्रोबे खरा आणि कॉनरी उसना. दोघंही खऱ्या आवाजात असलेली आवृत्ती नाहीच, तेव्हा ओरिजिनलचा वाद घालण्यात अर्थ नाही. डिस्कवर जर्मन ऑडिओ असेल तर गोल्फचा सीन आणि लेझरचा सीन तेवढे त्यात बघा, बाकी इंग्रजीत बघितलं तरी चालेल.